निकाली निघालेला अर्ज

मावळ तालुक्यातील बऊर येथे ९ ऑगस्ट २०११ रोजी, ऐन क्रांतिदिनी, पोलिसांनी गोळीबार केला. पवना धरणाचे पाणी बंद नळातून पिंपरी-चिंचवडला नेण्याच्या योजनेविरुद्ध शेतकरी द्रुतगती मार्गावर उतरले होते. तिघे ठार झाले. शासनाने काम जैसे थे ठेवले आणि २०२३ साली ती स्थगिती उठवली.

कायद्याचा एक जुना पेच यात आहे. हुकूम मागे घेतला, कैदी सोडला, झोपडी पाडून झाली, की सरकारी वकील म्हणतो, आता या अर्जात काही उरलेले नाही. न्यायालयही पुष्कळदा तो निष्फळ म्हणून निकाली काढते. अधिकाऱ्याची बदली झाली एवढ्याने मात्र अर्ज मरत नाही. दाद पदाविरुद्ध असते आणि पद जागेवरच असते.

सर्वोच्च न्यायालयाकडे थेट दाद मागण्याच्या कलमाला बाबासाहेबांनी ९ डिसेंबर १९४८ रोजी घटना समितीत घटनेचा आत्मा म्हटले. आणीबाणीत हा आत्माच कोंडला गेला. २८ एप्रिल १९७६ रोजी त्याच न्यायालयाने स्थानबद्धांना सुटकेची दाद मागण्याचा हक्क नाकारला. न्या. खन्ना एकटे विरोधात उभे राहिले. बहुमतात पुण्यात जन्मलेले न्या. यशवंत चंद्रचूड होते. १९७७ साली आणीबाणी उठली, स्थानबद्ध सुटले. त्यांच्या सुटकेच्या अर्जांना अर्थ उरला नाही. गेलेल्या महिन्यांचा हिशेब मात्र तसाच राहिला.

तो हिशेब मागण्याची वाट एका बिहारी कैद्याने दाखवली. रुदुल साह १९६८ साली निर्दोष ठरूनही चौदा वर्षे तुरुंगात होता. अर्ज सुनावणीला येण्याआधीच त्याला सोडण्यात आले. सुटकेची मागणी तिथेच संपली. पण अर्जात भरपाईही मागितलेली होती. १९८३ साली सरन्यायाधीश झालेल्या त्याच चंद्रचूडांनी त्याला एकूण ३५,००० रुपयांची अंतरिम भरपाई देवविली.

यातून आपल्या वस्त्यांनी एवढे शिकावे. अर्जात नुसते ‘थांबवा’ लिहिले, तर सरकार चार दिवस थांबते, अर्ज निकाली निघतो आणि बुलडोझर पुन्हा येतो. कृती बेकायदा होती असे ठरवून द्या आणि झालेल्या नुकसानीची भरपाई द्या, या दोन मागण्याही पहिल्याच दिवशी लिहिल्या पाहिजेत. स्थगिती शासनाची असते, ती कधीही उठते. बऊरला पडलेली माणसे उठत नाहीत.