साठा आणि हक्क

मावळातील वलवण गाव मुंबई-पुणे रस्त्यावर आहे. तेथील धरणाचे पाणी खोपोलीस उतरते आणि त्यापासून निर्माण होणारी वीज मुंबईस जाते. खोपोलीचे वीजगृह १९१५ साली सुरू झाले. पाणी वलवणच्या दारी, पण त्याच्या वापराचा हक्क टाटांच्या कंपनीकडे. साठा एकाजवळ आणि हक्क दुसऱ्याकडे असू शकतो, हे या गावास निराळे सांगावे लागत नाही. जुन्या चित्रफितींच्या बाबतीत मात्र आपण हा भेद सहज विसरतो.

वलवणच्या दोन बाजूंस अशा चित्रफितींची दोन मोठी कोठारे उभी राहिली. मुंबईत १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने अनेक दशके वार्तापट व माहितीपट काढले. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, तेथे पी. के. नायर यांनी दादासाहेब फाळक्यांच्या चित्रपटांचे अवशेष चिकाटीने जमविले. २०२२ साली या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या.

त्याच १९६४ च्या डिसेंबरात पोप सहावे पॉल आंतरराष्ट्रीय युखरिस्त परिषदेसाठी मुंबईस आले. त्या भेटीची दृश्ये आज एखाद्या माहितीपटात घ्यावयाची झाल्यास पहिला प्रश्न असा, की ती कोणी काढली आणि केव्हा प्रसिद्ध केली? १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा हक्क प्रसिद्धीनंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे राहतो. म्हणजे १९६४ साली प्रसिद्ध झालेल्या पटाचा भारतातील हक्क २०२४ अखेर संपला. पोप दुसरे जॉन पॉल १९८६ साली पुण्यास आले; त्या वर्षी प्रसिद्ध झालेल्या पटाचा हक्क २०४६ अखेरपर्यंत राहील. शिवाय पटातील संगीताचा हक्क वेगळा आणि परदेशातील कायदाही वेगळा. हक्क संपला तरी प्रत ज्याच्या कपाटात आहे त्याच्याकडे जावेच लागते. हक्क शिल्लक असल्यास किती सेकंद, कोणत्या देशांत, किती वर्षे आणि चित्रगृहात की दूरचित्रवाणीवर, यांवर मोबदला ठरतो.

परंतु जे उरलेच नाही त्याचा परवाना कोण देणार? जानेवारी २००३ मध्ये पुण्यात नायट्रेट फितींच्या कोठारास आग लागली व मूकपटांच्या काळापासूनची कित्येक रिळे भस्मसात झाली.

आपल्या धर्मग्रामांच्या कपाटांतही गुरुदीक्षेच्या, सणांच्या आणि रौप्यमहोत्सवांच्या फिती पडून आहेत. मोबदला देऊन काढवून घेतलेल्या फितीचा पहिला हक्क, वेगळा करार नसेल तर, काढवून घेणाऱ्याचा असतो. म्हणून प्रत्येक डब्यावर दिनांक, स्थळ व चित्रण करणाऱ्याचे नाव लिहावे आणि पैसे दिल्याची पावती त्यासोबतच ठेवावी. उद्या आपला इतिहास पडद्यावर आणू पाहणाऱ्यास त्या फितीइतकीच त्या पावतीचीही गरज भासणार आहे.