रुद्रमादेवी

रुद्रमादेवी : (कार. सु. १२६२–१२८९). वरंगळच्या काकतीय घराण्यातील राज्यकर्ती. गणपतिदेव (कार. ११९९–१२६२) या काकतीय राजाची ही कन्या. गणपतिदेवाला मुलगा नसल्याने त्याने तिलाच वारस नेमले आणि सु. १२६० पासून राज्यकारभारात सहभागी करून घेतले. निडदवोलूच्या पूर्व चालुक्य घराण्यातील वीरभद्राशी तिचा विवाह झाला होता. मात्र राज्य तिने पित्याची वारस म्हणून केले, पतीच्या नावाने नव्हे. अनेक कोरीव लेखांत तिचा उल्लेख ‘रुद्रदेव महाराज’ असा पुल्लिंगी येतो.

बाईने गादीवर बसणे काही सरदारांना रुचले नाही. तिने उच्चकुलीन नसलेल्या कर्तबगार माणसांनाही नायकपदे देऊन आपला पाठीराखा वर्ग उभा केला. वरंगळच्या किल्ल्याच्या दगडी तटाची उंची वाढवून बाहेरून मातीचा दुसरा तट व खंदक तिने करविला.

देवगिरीच्या महादेव यादवाशी तिचा संघर्ष झाला. महादेवाचा मंत्री हेमाद्री याच्या व्रतखंडातील प्रशस्तीनुसार स्त्रीवध नको म्हणून यादवांनी तिला सोडून दिले. याउलट, तेलुगू प्रतापरुद्रचरित्रात तिने महादेवाचा देवगिरीपर्यंत पाठलाग करून खंडणी वसूल केल्याचे वर्णन आहे. दोन्ही मजकूर आपापल्या पक्षाचे आहेत; तथापि तिच्या एका मांडलिकाचा कोरीव लेख बीदरला सापडल्याने यादवांच्या मुलखात तिचा काही काळ अंमल असावा, असे दिसते.

मलकापुरम् येथील १२६१ च्या शिलालेखात पिता-कन्येने विश्वेश्वर शिवाचार्य या शैव गुरूला दिलेल्या गावांची नोंद आहे. त्यांच्या उत्पन्नातून मठाबरोबरच प्रसूतिशाळा, आरोग्यशाळा व अन्नसत्र चालवण्याची व्यवस्था लावलेली होती.

कारकीर्दीच्या अखेरीस अंबदेव या कायस्थ घराण्यातील मांडलिकाने बंड केले. नळगोंडा जिल्ह्यातील चंदुपट्ला येथील नोव्हेंबर १२८९ च्या लेखात रुद्रमादेवी व तिचा सेनापती मल्लिकार्जुन नायक हे शिवलोकी गेल्याचे सांगून त्यांच्या पुण्यार्थ एका सेवकाने दिलेल्या जमिनीची नोंद आहे. दोघांचा उल्लेख एकत्र आल्याने ती अंबदेवाविरुद्धच्या लढाईत पडली असावी, असा अभ्यासकांचा तर्क आहे. तिलाही पुत्र नव्हता. मुम्मडम्मा या मुलीचा पुत्र प्रतापरुद्र तिच्यानंतर गादीवर आला. त्याने अंबदेवाचे बंड मोडले. १३२३ मध्ये दिल्लीच्या फौजेने वरंगळ जिंकल्यावर काकतीय सत्ता संपुष्टात आली.