नाणेघाटातले अंक, १९५९ सालचे दोन मराठी गणिती आणि ‘सिद्धान्त’ नावाचा शब्द

पुणे–नाशिक महामार्गावर मंचर ओलांडले की नारायणगावच्या आधी कळंब लागते. (धाराशिव जिल्ह्यातले नव्हे, आंबेगाव तालुक्यातले.) येथून नारायणगाव, जुन्नर असे करीत नाणेघाट गाठता येतो. त्या घाटमाथ्यावरच्या लेण्याविषयी एक विधान अधूनमधून वाचायला मिळते : दशमान पद्धतीचा सिद्धान्त तेथे कोरलेला आहे. विधान ऐकायला गोड आहे. पण त्यात एक चूक इतिहासाची आहे आणि दुसरी गणिताची. आजचा धागा मुख्यतः दुसऱ्या चुकीसाठी.

आधी इतिहास. लेण्याच्या भिंतींवर सातवाहन राणी नागनिकेचा ब्राह्मी लेख आहे. काळ साधारण इसवी सनपूर्व दुसरे ते पहिले शतक. यज्ञांची नावे आणि त्यांत दिलेली दक्षिणा असा त्याचा विषय. म्हणून गायी, घोडे, हत्ती, कार्षापण यांची मोजदाद, आणि मोजदाद आली म्हणून अंक आले. या अंकांवर भगवानलाल इंद्रजींनी १८७६ मध्ये स्वतंत्र निबंध लिहिला. भारतातील अंकलेखनाच्या अगदी जुन्या पुराव्यांपैकी हा एक आहे, हे निर्विवाद.

परंतु ते अंक लिहिले कसे आहेत ते पाहा. एका ठिकाणी २४,४०० कार्षापणांचा उल्लेख आहे. आपण २, ४, ४, ०, ० असे पाच अंक ओळीने मांडतो; दोन्ही ४ दिसायला सारखेच, त्यांची किंमत जागेवरून ठरते. नाणेघाटात तसे नाही. हजाराच्या चिन्हाला वीस जोडून वीस हजार, हजाराच्याच चिन्हाला चार जोडून चार हजार, शंभराच्या चिन्हाला चार जोडून चारशे, आणि मग या तिघांची बेरीज. दहा, वीस, शंभर, हजार यांना स्वतंत्र चिन्हे असल्यामुळे रिकाम्या जागेचा प्रश्नच उद्भवत नाही आणि शून्य लागत नाही. म्हणजे येथे दहाच्या पटीतली मोजणी आहे, स्थानमूल्य नाही.

आता गणिताची चूक. समजा, स्थानमूल्य तेथे सापडले असते, तरी त्याला सिद्धान्त म्हणता आले असते का? नाही. ती लेखनाची पद्धती ठरली असती.

गोंधळाचे मूळ आपल्या भाषेत आहे. जुन्या ज्योतिषात ‘सिद्धान्त’ हा ग्रंथाचा प्रकार होता. कल्पारंभापासून ग्रहगणित मांडणारा तो सिद्धान्त, आणि जवळचे एखादे शक घेऊन तेथून पुढे गणित करणारा तो करणग्रंथ. भास्कराचार्यांचा ‘सिद्धान्तशिरोमणि’ (११५०) पहिल्या प्रकारचा, गणेश दैवज्ञांचा ‘ग्रहलाघव’ (१५२०) दुसऱ्या. बोलीत आपण कोणाच्याही तर्काला ‘त्याची थिअरी’ म्हणतो. गणितातला अर्थ या दोहोंहून वेगळा आहे. काही व्याख्या, काही स्वीकारलेली गृहीतके आणि त्यांतून केवळ तर्काने निघणारी प्रमेये, एवढ्या सगळ्या बांधणीला मिळून सिद्धान्त म्हणतात. तो अंदाज नसतो, आणि एखादे सुटे सूत्रही नसते.

याचे सर्वांत सुंदर उदाहरण भास्कराचार्यांकडेच आहे. अशी संख्या शोधा, की तिच्या वर्गाला ६१ ने गुणून त्यात १ मिळवला तर पुन्हा पूर्ण वर्ग यावा. चक्रवाल पद्धतीने आलेले उत्तर : २२,६१,५३,९८०, आणि येणारा वर्ग १,७६,६३,१९,०४९ या संख्येचा. सर्वांत लहान उत्तर हेच! १६५७ मध्ये फर्माने युरोपातल्या गणितींना हाच ६१ चा प्रश्न घातला, तेव्हा पाच शतकांपूर्वीच्या या उत्तराची त्याला कल्पना नव्हती. पण पद्धत उत्तर काढून देते, तेवढ्याने ती प्रत्येक वेळी उत्तरापर्यंत पोहोचेलच असे सिद्ध होत नाही. पूर्ण वर्ग नसलेल्या कोणत्याही संख्येसाठी असे उत्तर असतेच, हे लाग्रांजने १७६८ च्या सुमारास सिद्ध केले. तेथे हा विषय संख्या सिद्धान्ताचा भाग झाला. भास्कराचार्यांची थोरवी याने तसूभरही कमी होत नाही. दोन कामे निराळी आहेत, इतकेच.

शाखा पुष्कळ आहेत, त्यांची नुसती यादी वाचण्यात अर्थ नाही. अनंताचीही तुलना करता येते असे दाखवणारा कँटरचा संच सिद्धान्त, सममितीचा हिशेब ठेवणारा गट सिद्धान्त, बिंदू आणि त्यांना जोडणाऱ्या रेषांचा आलेख सिद्धान्त, १९३३ मध्ये कोल्मोगोरोव्हने गृहीतकांवर उभा केलेला संभाव्यता सिद्धान्त. यांतल्या दोन शाखांची गाठ मराठी माणसांशी पडली, तीही एकाच वर्षी.

वर्ष १९५९. पहिले नाव शरदचंद्र शंकर श्रीखंडे, जन्म सागरचा, १९१७. ऑयलरने १७८२ मध्ये एक अटकळ बांधली होती. सहा पलटणी आणि सहा हुद्दे यांचे छत्तीस अधिकारी चौरसात असे उभे करा, की प्रत्येक आडव्या व उभ्या रांगेत प्रत्येक पलटण आणि प्रत्येक हुद्दा एकदाच यावा. हे जमत नाही, आणि ६, १०, १४, १८ अशा कोणत्याच संख्येला जमणार नाही, असे तो म्हणाला. ६ बाबत त्याचे म्हणणे खरे आहे, हे १९०० च्या सुमारास तारीने एकेक शक्यता तपासून दाखवले. उरलेल्यांवर १७७ वर्षे बहुतेकांचा विश्वास होता. राजचंद्र बोस आणि श्रीखंडे यांनी २२ चा चौरस रचला, पार्करने १० चा, आणि मग तिघांनी मिळून दाखवले की ६ नंतर या मालिकेतली प्रत्येक संख्या ऑयलरच्या विरुद्ध जाते. न्यूयॉर्क टाइम्सने ही बातमी पहिल्या पानावर छापली. ऑयलरसारख्या माणसाचे म्हणणे एका चौरसापुढे टिकले नाही, कारण ते प्रमेय नव्हते.

दुसरे नाव इतिहासप्रेमींच्या परिचयाचे : दामोदर धर्मानंद कोसंबी. आपण त्यांना इतिहासकार म्हणून वाचतो. पोट मात्र गणितावर. आधी फर्ग्युसन महाविद्यालय, मग १९४५ ते १९६२ टाटा मूलभूत संशोधन संस्था. वक्र अवकाशांतील मार्गांच्या भूमितीत कोसंबी–कार्तान–चर्न सिद्धान्त असे त्यांचे नाव जगभर चालते. पुणे जिल्ह्यातली लेणी, घाटवाटा आणि देवींची ठाणी ते पायी हिंडले. जुन्नर आणि नाणेघाट त्यांच्या लेखनात व्यापारी मार्गाच्या संदर्भात येतात. आहत नाणी तर त्यांनी तराजूत घातली : नाणे जितके अधिक हातांतून फिरले तितके अधिक झिजणार, म्हणून जुन्या नाण्यांचे सरासरी वजन घटणार आणि वजनांतला फरक वाढणार. आधी चालू नाणी तोलून त्यांनी हा तर्क पडताळला, मग प्राचीन नाण्यांना लावला. इतिहासात इतकी शिस्त फार थोड्यांनी पाळली आहे.

आणि याच माणसाने १९५९ मध्ये रीमानची अटकळ सिद्ध केल्याचा दावा केला. अविभाज्य संख्यांच्या विखुरणीशी निगडित असलेली ही अटकळ १८५९ ची, म्हणजे तेव्हा बरोबर शंभर वर्षांची. कोसंबी संभाव्यतेच्या वाटेने गेले आणि लेख कृषी सांख्यिकीच्या नियतकालिकात छापला. तज्ज्ञांनी ती सिद्धता मानली नाही. नाण्यांच्या ढिगाविषयी ‘बहुधा असे झाले असावे’ हे उत्तर मोलाचे असते. अविभाज्य संख्यांच्या बाबतीत तेवढ्याने भागत नाही, कारण तेथे अपवादाला शून्य जागा असते. १९६२ मध्ये संस्थेतला त्यांचा करार पुढे वाढवला गेला नाही. त्याची कारणे अनेक सांगितली जातात, त्यांत हे एक असते. मला स्वतःला हा प्रसंग त्यांच्या चरित्रातला सर्वांत क्लेशदायक वाटतो. पुराव्याबाबत इतरांना इतके कठोर प्रश्न विचारणारा माणूस येथे स्वतःच्या तर्काबाबत सैल पडला.

कोसंबी २९ जून १९६६ रोजी पुण्यात वारले. श्रीखंडे यांना १०२ वर्षांचे आयुष्य लाभले. ते २०२० मध्ये गेले. रीमानची अटकळ अजून कोणालाही सिद्ध करता आलेली नाही. कोसंबींनी १९४४ मध्ये गुणसूत्रावरील जनुकांची अंतरे मोजण्यासाठी दिलेले सूत्र मात्र आनुवंशशास्त्रात आजही त्यांच्याच नावाने वापरले जाते.