बर्चेलने उचललेला गोटा

1811 साली विल्यम बर्चेल हा इंग्रज निसर्गअभ्यासक बैलगाडी घेऊन दक्षिण आफ्रिकेच्या आतल्या मुलखात हिंडत होता. ऑरेंज नदीजवळ, आजच्या प्रिस्का गावाच्या आसपास, खडकाळ जमिनीवर त्याला जरा वेगळ्याच घडणीचा गोटा दिसला. वाकून उचलला, तर हातात आलं एक झाड. आपल्याकडच्या नर्सऱ्यांत ‘लिव्हिंग स्टोन’ म्हणून विकल्या जाणाऱ्या लिथॉप्सची लेखी कुळकथा इथे सुरू होते. लेखी अशासाठी म्हणायचं की तिथल्या माणसांना ते माहीत होतंच; आफ्रिकान्स भाषेत त्याचं एक नाव गुरांच्या खुरावरून पडलेलं आहे. दोन मांसल पानं आणि मधे चीर. खुराची उपमा दगडापेक्षाही चपखल वाटते.

1821 मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ हॉवर्थने बर्चेलच्या झाडाला शास्त्रीय नाव दिलं, त्याचा अर्थ ‘भोवऱ्याच्या आकाराचं’. झाड उपटून पाहिल्याशिवाय हे नाव सुचणार नाही. आपल्याला दिसतो तो भोवऱ्याचा सपाट माथा. आरेकडचा निमुळता भाग मातीत गाडलेला असतो.

प्रजाती मात्र ठरली ती मेसेम्ब्रिअँथेमम, म्हणजे दुपारी उमलणारं फूल. हे नाव म्हणजे मोठं पोतं होतं. रसाळ पानांची शेकडो झाडं त्यात कोंबलेली. लंडनच्या क्यू उद्यानातल्या एन. ई. ब्राउन यांनी हे पोतं सोडून निवडायला घेतलं आणि 1922 साली या गोट्यांची वेगळी प्रजाती मांडली. ग्रीक ‘लिथोस’ म्हणजे दगड, ‘ऑप्स’ म्हणजे चेहरा. दगडाच्या चेहऱ्याचं ते लिथॉप्स. मराठीत त्याला दगडफूल म्हणावंसं वाटतं, पण ते नाव आपल्या गोड्या मसाल्यातल्या दगडफुलाने केव्हाच घेतलंय, आणि ते तर शैवाक.

माझ्या खिडकीतलं रोप भिंगाखाली धरलं की पानाच्या माथ्यावर गडद, काचेसारखे अर्धपारदर्शक डाग दिसतात. नक्षी वाटते, पण त्या खिडक्या आहेत. हिरवं हरितद्रव्य असतं पानाच्या आतल्या भिंतींना, मातीखाली; ऊन या खिडक्यांतून तिथवर पोचतं. म्हणजे झाड बसतं जमिनीत आणि उजेड घेतं छतातून. हे पहिल्यांदा समजलं, त्या दिवशी मी कितीतरी वेळ त्या बोटभर रोपापुढून उठले नव्हते.

ओळखायचं कसं, हा मात्र अवघड प्रश्न. एकाच जातीच्या वसाहती वेगवेगळ्या खडकांवर वाढल्या की रंग बदलतो: कुठे तांबूस, कुठे राखाडी, कुठे पिवळट. दोन वेगळ्या जाती मात्र कधी कधी सख्ख्या बहिणींसारख्या दिसतात. हा गुंता सोडवण्यात सर्वांत मोठा वाटा डेस्मंड कोल यांचा, आणि हे गृहस्थ पेशाने वनस्पतिशास्त्रज्ञ नव्हते. जोहान्सबर्गच्या विटवॉटर्सरँड विद्यापीठात ते बांटू भाषांचे प्राध्यापक होते. 1955 चं त्यांचं सेत्स्वाना व्याकरण प्रसिद्ध आहे. पत्नी नॉरीन यांना बरोबर घेऊन ते वर्षानुवर्षं माळरानं पालथी घालत राहिले, आणि सापडलेल्या प्रत्येक वसाहतीला त्यांनी क्रमांक दिला. असे सुमारे 400 क्रमांक. बोली कुठली हे जसं गाव कळल्यावर नक्की होतं, तसंच इथे, असं मला वाटतं. उदाहरणार्थ, लेस्ली जातीचं फूल एरवी पिवळं. पण 36 क्रमांकाच्या वसाहतीतून निघालेल्या हिरवट अंगाच्या, पांढऱ्या फुलाच्या रोपाला त्यांनी सी36ए म्हटलं. फुलाच्या रंगावर भिस्त ठेवणारा इथे फसतो. क्रमांक जवळ असला तर फसत नाही. पुढे एका जातीला नॉरीन यांचं नाव मिळालं, आणि आणखी एकीला दोघांचं मिळून.

वाढवताना एवढं एक जपावं. शरद ऋतूत चिरेतून फूल येतं. ते गेलं की त्याच चिरेत, जुन्या जोडीला काटकोनात, पानांची नवी जोडी डोकावते. जुन्या पानांतलं पाणी पिऊन ती मोठी होते आणि जुनी पानं कागदासारखी वाळून बाजूला पडतात. जुनी जोडी सुरकुतलेली दिसली की हात पाण्याकडे जातो. तो आवरावा. माझं पहिलं रोप मी असंच पाणी घालून घालवलं: जुनी पानं वाळायची ती फुगली, आणि आठवड्याभरात सगळं मऊ पडून कुजलं. आपल्याकडे जून ते सप्टेंबर हवाच ओली असते, म्हणून कुंडी छपराखाली, वारा खेळेल अशी ठेवावी. मातीत निम्म्याहून जास्त बारीक खडी असावी.

गेली काही वर्षं दक्षिण आफ्रिकेतून याच कुटुंबातली कोनोफायटमसारखी रोपं माळावरून उपटून चोरून परदेशी विकली जात आहेत. उपटलेल्या झाडाबरोबर त्याचा पत्ताही जातो. म्हणून रोप घ्याल ते बियांपासून वाढवलेलं घ्या, क्रमांकाची चिठ्ठी मागून घ्या, आणि कुंडी बदलाल तेव्हा ती चिठ्ठी आधी नव्या कुंडीत खोचा.