गळालेल्या ‘एस’ची कुळकथा

विंडोजच्या संगणकात सिस्टिम३२ फोल्डरच्या पोटात ‘ड्रायव्हर्स’ नावाचा फोल्डर असतो आणि त्याच्याही आत ‘ईटीसी’ नावाचा आणखी एक. त्यात नोटपॅडमध्ये उघडता येतील अशा साध्या मजकुराच्या चार जुन्या फाइली आहेत: होस्ट्स, नेटवर्क्स, सर्व्हिसेस आणि प्रोटोकॉल. पहिली तीन नावं अनेकवचनी, चौथंच तेवढं एकवचनी. या गळालेल्या ‘एस’पाशी मी अडकलो आणि त्याच्या मागे मागे जाताना संगणक नावावरून पत्ता कसा शोधतो त्याचं अख्खं घराणं हाती लागलं.

सुरुवातीचा इतिहास सर्वज्ञात आहे. अर्पानेटवरच्या सगळ्या यंत्रांची नावं आणि पत्ते मेन्लो पार्कच्या एसआरआयमध्ये एकाच फाइलीत ठेवले जात. १९८३ साली पॉल मोकापेट्रिस यांनी डोमेन नेम सिस्टिम मांडली. १९८४ मध्ये बर्कलीच्या चार विद्यार्थ्यांनी ती युनिक्सवर चालवणारं ‘बाइंड’ लिहिलं.

मला महत्त्वाचा वाटतो तो ऑगस्ट १९८३. त्या महिन्यात बर्कलीच्या युनिक्सची ४.२ आवृत्ती बाहेर पडली आणि तिच्या लायब्ररीत एकाच घडणीची चार फंक्शनं होती. गेटहोस्टबायनेम नावावरून यंत्राचा पत्ता काढून द्यायचं, गेटनेटबायनेम जाळ्याचा, गेटसर्व्हबायनेम सेवेचा पोर्ट आणि गेटप्रोटोबायनेम प्रोटोकॉलचा क्रमांक. प्रत्येक फंक्शनामागे ईटीसीतली एक फाइल: होस्ट्स, नेटवर्क्स, सर्व्हिसेस, प्रोटोकॉल्स. इथे चौथीलाही ‘एस’ आहे.

ईटीसी म्हणजे ‘एडिटेबल टेक्स्ट कॉन्फिगरेशन’, असं पुष्कळदा सांगितलं जातं. ते मागाहून जुळवलेलं आहे. जुन्या युनिक्समध्ये इनिट, माउंट यांसारखे चालणारे प्रोग्रामही याच फोल्डरात असत. त्यांना संपादन करण्याजोगा मजकूर कोण म्हणेल? हे सरळ आपलं ‘इत्यादी’ आहे, इतरत्र न बसणाऱ्या गोष्टींची जागा.

आता तो ‘एस’. डॉसच्या फाइलपद्धतीत नावाला आठ अक्षरांची मर्यादा होती. इंग्रजी स्पेलिंग मोजा: होस्ट्स पाच, नेटवर्क्स बरोबर आठ, सर्व्हिसेसही बरोबर आठ, प्रोटोकॉल्स नऊ. एकच नाव मर्यादेबाहेर गेलं आणि त्याचंच शेवटचं अक्षर गेलं. यावर आक्षेप येतो की १९९३ च्या विंडोज एनटीकडे स्वतःची एनटीएफएस होती आणि तिच्यात लांब नावं चालत. खरं आहे, पण ती पहिली एनटी जुन्या फॅट डिस्कवरही बसवता येत असे आणि तिथे आठाच्या पुढे वाव नव्हता. शिवाय विंडोज ९५ पाहा. लांब नावं हे त्या आवृत्तीचं मिरवण्याचं वैशिष्ट्य, तिथे याच फाइली ईटीसीशिवाय थेट विंडोज फोल्डरात होत्या, तरीही प्रोटोकॉल एकवचनीच राहिला. नाव आधीच छाटलं गेलं होतं, पुढच्यांनी ते तसंच उचललं, असाच याचा अर्थ मी लावतो.

मग हे सगळं विंडोजमध्ये आणलं कुणी? मायक्रोसॉफ्टने बर्कलीची टीसीपी/आयपीची अख्खी यंत्रणाच उचलली, हे मत फार लोकप्रिय आहे. ते मला पटत नाही. एनटीच्या पहिल्या आवृत्तीतली यंत्रणा एडिनबरोच्या स्पायडर सिस्टिम्सकडून परवान्यावर घेतलेली होती आणि ३.५ मध्ये मायक्रोसॉफ्टने ती स्वतः नव्याने लिहिली. पण म्हणून बर्कलीचं नातं नाकारणारेही चुकतात. यंत्रणा दुसऱ्याची असली, तरी तिला हाक मारण्याची रीत बर्कलीचीच होती.

पुरावा विनसॉकच्या, म्हणजे विंडोजमधल्या त्या हाक मारण्याच्या रीतीच्या, हेडर फाइलीत आहे. तिच्या माथ्यावर कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या १९८२ ते १९८६ च्या हक्कांची नोंद आहे. आणि आत त्याहून बोलकी एक ओळ. बर्कलीच्या ४.२ मध्ये एका नावाला एकच पत्ता मिळे. १९८६ च्या ४.३ मध्ये पत्त्यांची यादी मिळू लागली. जुने प्रोग्राम मोडू नयेत म्हणून पत्त्याचं जुनं नाव ठेवून ते यादीतल्या पहिल्या पत्त्याकडे वळवलं गेलं. ही तडजोड बर्कलीच्या स्वतःच्या जुन्या प्रोग्रामांसाठी होती. ४.२ च्या काळात विंडोजवर असा एकही प्रोग्राम नव्हता, तरी ती ओळ विनसॉकमध्ये जशीच्या तशी आहे. ज्या दुखण्याचा आपल्याला त्रासच नव्हता त्याचं औषध कुणी नव्याने शोधत नाही. ते वारशातच येतं.

दुसरा धागा रजिस्ट्रीत. या चार फाइली कुठे आहेत, हे टीसीपी/आयपीच्या नोंदींत ‘डेटाबेसपाथ’ या नावाखाली लिहिलेलं असतं आणि त्यातला ‘बेस’चा बी मोठ्या लिपीत आहे. चार साध्या मजकुराच्या फाइलींना डेटाबेस म्हणायचं कारण काय? बर्कलीच्या मॅन्युअलमध्ये होस्ट्स फाइलीचं वर्णन ‘होस्ट नेम डेटा बेस’ असं आहे, डेटा आणि बेस सुटे. तो मोठा बी त्या सुटेपणाची खूण आहे असं मी मानतो. प्रोग्रामरच्या हाताची ती नुसती सवय होती, असं कुणी म्हणेल. पण मग ‘डेटाबेस’ हा शब्दच या फाइलींना का लागला, याचं उत्तर त्या सवयीत मिळत नाही.

एकच जागा रिकामी दिसते. बर्कलीने ४.३ मध्ये ईटीसीत आणखी एक फाइल ठेवली होती, रिझॉल्व्ह डॉट कॉन्फ. कुठल्या नेमसर्व्हरला विचारायचं, हे लायब्ररी त्यात वाचते. विंडोजच्या ईटीसीत ती नाही आणि बर्कलीशी नातं नाकारणाऱ्यांचा मुख्य मुद्दा हाच. पण त्याच रजिस्ट्रीत, डेटाबेसपाथच्या शेजारी पाहा: नेमसर्व्हर, डोमेन, सर्चलिस्ट. रिझॉल्व्ह डॉट कॉन्फमध्ये ओळींच्या सुरुवातीला येणारे शब्द आहेत नेमसर्व्हर, डोमेन आणि सर्च. फाइल आणली नाही. तिच्यातल्या ओळी तेवढ्या रजिस्ट्रीत नेऊन ठेवल्या.