'बोधात्मक नकाशा' : एका संकल्पनेचे स्थलांतर

एका ज्ञानशाखेतील संज्ञा दुसऱ्या ज्ञानशाखेत जाते, तेव्हा ती आपला सगळा संसार बरोबर नेत नाही. काही अर्थ मागे राहतात, काही नव्याने चिकटतात. 'बोधात्मक नकाशा' ही संज्ञा समीक्षेत सैलपणे वापरली जाते. म्हणून तिचा इतिहास तपासणे आवश्यक ठरते.

कॅलिफोर्निया विद्यापीठातील एडवर्ड टोलमन याने 1948 साली 'उंदरांतील व माणसांतील बोधात्मक नकाशे' या आशयाचा निबंध प्रसिद्ध केला. टोलमन स्वतःला वर्तनवादीच म्हणवीत असे; परंतु शिकणे म्हणजे उद्दीपक आणि प्रतिक्रिया यांची साखळी, हे त्याला मान्य नव्हते. 1930 साली त्याने व होन्झिक याने केलेल्या प्रयोगात उंदरांच्या एका गटाला भूलभुलैयात दहा दिवस कोणतेही बक्षीस दिले नव्हते. अकराव्या दिवसापासून अन्न मिळू लागताच त्यांच्या चुका एकदम घटल्या. बक्षिसावाचूनही ते काही शिकलेच होते. फक्त ते वर्तनात उतरले नव्हते. 1946 सालच्या दुसऱ्या एका प्रयोगात ओळखीची वाट बंद करून अनेक नव्या वाटा खुल्या केल्या, तेव्हा सर्वाधिक उंदरांनी अन्नाच्या जागेच्या रोखाने जाणारी वाट निवडली.

टोलमनच्या निबंधाचा शेवट मात्र उंदरांवर होत नाही. अतिरिक्त भूक किंवा तीव्र वैफल्य असले की प्राण्याच्या मनातील नकाशा अरुंद होतो, असे सांगून तो परजातीविषयीच्या द्वेषाकडे वळतो. महायुद्धानंतर तीनच वर्षांनी लिहिलेल्या या निबंधात नकाशाची रुंदी हा नैतिक प्रश्नही होता.

पुढे या संकल्पनेला दोन वाटा फुटल्या. एक मेंदूच्या अभ्यासाची. 1971 साली जॉन ओकीफ आणि जोनाथन दोस्त्रोव्स्की यांना उंदराच्या हिप्पोकॅम्पसमध्ये विशिष्ट जागी आल्यावरच सक्रिय होणाऱ्या पेशी आढळल्या. 1978 साली ओकीफ व लिन नाडेल यांनी आपल्या ग्रंथाच्या शीर्षकातच टोलमनची संज्ञा स्वीकारली. 2005 साली मोझर दांपत्य व त्यांचे सहकारी यांनी जाळीसारख्या रचनेत सक्रिय होणाऱ्या पेशींचा शोध प्रसिद्ध केला. ओकीफ व मोझर दांपत्य यांना 2014 सालचे नोबेल पारितोषिक मिळाले.

दुसरी वाट नगररचनेतून गेली. केव्हिन लिंच याने 1960 सालच्या ग्रंथात बोस्टन, जर्सी सिटी आणि लॉस एंजेलिस येथील रहिवाशांच्या मनातील शहरे अभ्यासली. वाटा, कडा, विभाग, नाके आणि खुणा या पाच घटकांतून शहराची प्रतिमा घडते, असे त्याचे प्रतिपादन. फ्रेडरिक जेमसनने 1984 सालच्या उत्तर-आधुनिकतेवरील निबंधात लिंचचाच आधार घेतला आणि त्याला अल्थ्यूसरच्या विचारप्रणालीविषयक व्याख्येची जोड दिली. महानगरात हरवलेला माणूस आणि जागतिक भांडवली व्यवस्थेत आपले स्थान न उमगणारा माणूस यांत त्याने साम्य पाहिले. हा नकाशा म्हणजे वर्गजाणिवेचेच सांकेतिक नाव, असे पुढे 1991 साली त्याने स्वतःच सांगितले.

येथे एक भेद ध्यानात ठेवला पाहिजे. उंदराला आपल्या नकाशाची जाणीव असावी लागत नाही. जेमसनचा नकाशा मात्र जाणिवेवाचून संभवतच नाही. पहिला असतो, दुसरा घडवावा लागतो. पहिल्याची परीक्षा प्रयोगाने होते, दुसऱ्याची वाचनाने आणि कृतीने. म्हणून पेशींच्या शोधाने जेमसनचे म्हणणे सिद्ध होत नाही आणि ढळतही नाही. दोघांना एकमेकांचे साक्षीदार करणे ही समीक्षेची आळशी सवय होय.

आपल्याकडील उदाहरण घेऊ. महानुभाव पंथाच्या 'स्थानपोथी'त चक्रधरांच्या वास्तव्याची स्थाने दिशांसह नोंदली आहेत. हिला 'बोधात्मक नकाशा' म्हणण्याचा मोह होईल. परंतु तो कोणत्या अर्थाने? वाट सापडावी एवढ्यापुरती ही नोंद नाही. ती वंदनासाठी जपलेली समूहाची स्मृती आहे. टोलमनचा अर्थ येथे अपुरा पडतो, जेमसनचा लादलेला वाटतो. संज्ञा उसनी घेताना तिच्या मर्यादाही उसन्या घ्याव्या लागतात. टोलमनने बजावलेला अरुंद नकाशाचा धोका समीक्षकालाही चुकलेला नाही.