तीस दिवसांची बंदूक

खंडेनवमीला शस्त्रपूजा करण्याची आपली चाल जुनी. पण ज्या शस्त्राला गंधफूल वाहावयाचे, ते घरात ठेवण्यास सरकारी परवाना लागावा, ही गोष्ट मात्र तितकीशी जुनी नव्हे.

१८५७ च्या उठावाने इंग्रज हबकले होते. १८७८ साली लॉर्ड लिटनच्या कारकीर्दीत हत्यारांचा कायदा झाला. बंदुकीबरोबर तलवारही परवान्याच्या जाळ्यात आली. युरोपियनांना मात्र सूट होती. हा भेद लोकांना फार झोंबला. १८८७ च्या मद्रास काँग्रेसने त्याविरुद्ध ठराव केला. १९३० साली गांधीजींनी व्हाइसरॉयपुढे ज्या अकरा मागण्या ठेवल्या, त्यांतही स्वसंरक्षणार्थ हत्यारांच्या परवान्याची एक होती. अहिंसेच्या पुजाऱ्याला बंदुकीचे प्रेम कुठले? प्रजेवरचा अविश्वास त्यांना सलत होता.

स्वराज्यात १९५९ चा नवा कायदा झाला व १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलात आला. एखाद्या भागापुरता सरकारने खास हुकूम काढला, तरच त्यात तलवारीला परवाना लागतो. पिकाच्या राखणीसाठी ठासणीची बंदूक मागणाऱ्या शेतकऱ्याचीही त्याने आठवण ठेवली. आणि परवाना वा त्याचे नूतनीकरण नाकारल्यास कारणे लेखी नोंदवावीत, नाराज झालेल्यास अपील करता यावे, हेही कलमांतच लिहिले. अपिलाची मुदत तीस दिवसांची.

आता आपल्या ठाण्या-कल्याणकडे वळू. मलंगगडाच्या बाजूला भाताची खाचरे होती, तोवर रानडुकरांपासून राखणीची गरज कोणास समजावून सांगावी लागत नसे. पुढे डोंबिवलीत कारखाने आले, चाळींचे मजले झाले, १९८३ साली कल्याण-डोंबिवली महानगरपालिका झाली. शेतच उरले नाही, तर राखण कशाची? असा प्रश्न नूतनीकरणाच्या अर्जावर उभा राहणे ओघानेच आले. शिवाय १९८१ साली ठाण्यास पोलीस आयुक्तालय झाले. त्यामुळे जिल्हाधिकाऱ्याच्या हुकमावर अपील विभागीय आयुक्तांकडे, तर पोलीस आयुक्तांच्या हुकमावर थेट राज्य सरकारकडे, अशा दोन वाटा झाल्या.

या वाटा शोधण्यात महिना सहज उलटतो. म्हातारा मालक अंथरुणाला खिळलेला, मुलगा नोकरीनिमित्त परगावी, कागद इंग्रजीत. मुदत टळली, तर? परवाना संपताच बंदूक विनाविलंब पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक व्यापाऱ्याकडे जमा करावी लागते. तशीच घरात ठेवली, तर ज्याने जन्मभर कायदा पाळला तोच गुन्हेगार ठरतो. जमा केलेली बंदूकही ठराविक काळात सोडवली वा विकली नाही, तर सरकारजमा होऊ शकते.

परंतु कायदा इतका निर्दय नाही. अठराव्या कलमातच म्हटले आहे की, उशिराचे पुरेसे कारण पटवून दिल्यास मुदतीनंतरचेही अपील दाखल करून घेता येते. पुरेसे कारण कशाला म्हणावे? १९८७ साली अनंतनागच्या एका जमीन-संपादनाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने मुदतीच्या कायद्यासंबंधी उदार दृष्टी घेतली. उशीर करून सहसा कोणाचा लाभ होत नसतो. तेव्हा दिवसादिवसाचा हिशेब मागताना व्यवहारज्ञान सोडू नये, असा त्या निकालाचा आशय. अर्थात उदारपणा म्हणजे आळसाला अभय नव्हे. आजारपणाचा दाखला, टपालाची तारीख, हुकूम हाती पडल्याचा दिवस, एवढे जपून ठेवणाऱ्याचीच बाजू उभी राहते.

अपील मंजूर होईल वा न होईल; शहरात बंदुका कमी असाव्यात, हे म्हणणेही खोटे नाही. पण दारावर उशिरा आलेल्याचे ऐकून तरी घ्यावे, एवढा विश्वास १८७८ च्या प्रजेला हवा होता. १९५९ च्या नागरिकाला तो कलमात लिहून मिळाला. खंडेनवमीच्या ताटात बंदुकीशेजारी तो कागदही ठेवावा!